नाकाशी आलेला गोळा

घरात छताला लोखंडी गोळा टांगायचा विचार असेल, तर आधी खालच्या मजल्यावर कोण राहतं याची चौकशी करावी. आमच्या खाली वकील राहतात.

शहरात तेव्हा टेलिव्हिजन नुकताच आला होता. म्हणजे केंद्र आलं होतं. संच बघायला लोक अजून दुसऱ्यांच्या घरी जात आणि चपला बाहेर काढून, देवळात बसावं तसे मांडी घालून बसत. शाळांना मात्र सरकारने एकेक संच वाटून टाकला होता. त्यावर मुलांना दाखवायचं काय, हा प्रश्न संच वाटून झाल्यावर कुणाला तरी सुचला. मग एका विद्वान गृहस्थांना बोलावून ‘उष्णता’ या विषयावर भाषण वाचायला बसवलं. ते खाली मान घालून वाचत राहिले आणि पाहणाऱ्यांना त्यांचं टक्कल तेवढं दिसत राहिलं. मुलं झोपली, गुरुजी झोपले, आणि एका शाळेत तर म्हणे संचच बंद पडला.

त्यानंतर केंद्राचा निर्माता आमच्या घरी आला. हा तरुण गृहस्थ बसल्या जागीही धावत असल्यासारखा दिसे. माझी बायको महाविद्यालयात भौतिकशास्त्र शिकवते. मोठ्या मुलांना शिकवते, आणि संधी मिळाली की मलाही.

“बाई, एक कार्यक्रम करून बघा,” निर्माता म्हणाला. “जमला तर दर आठवड्याला. नाही जमला तर ती वेळ वरचे लोक भरतकामाला देणार आहेत.”

मला वाटलं होतं, ही विचार करून सांगते म्हणेल. तिने विचारलं, “तिथलं छत किती उंच आहे?”

तिच्या विभागप्रमुखांना हे अजिबात रुचलं नाही. “विज्ञान कठीण असतं,” ते म्हणाले, “आणि ते तसंच राहिलं पाहिजे. त्याचा खेळ केलात आणि लोक हसले, तर पुन्हा प्रयोगशाळेची किल्ली माझ्याकडे मागू नका.” हे तिने मला घरी आल्यावर भांडी लावता लावता सांगितलं. त्या दिवशी भांडी जरा जोरात लागत होती.

मी नवऱ्याच्या अधिकाराने म्हणालो, “मग कशाला करतेस?”

“मी शाळेत लंबक शिकले,” ती म्हणाली, “तो फळ्यावर. बाईंनी खडूने काढला होता. खडूचा लंबक हलत नाही हो. खरा हलताना बघायला मला महाविद्यालयात जावं लागलं, आणि माझ्या वर्गातल्या कितीतरी मुली तिथपर्यंत पोचल्याच नाहीत.”

यावर मी पातेलं पुसायला घेतलं. तिथेच मी या प्रकल्पात ओढला गेलो.

प्रयोग ऐकायला साधा होता. जड गोळा दोरीने छताला टांगायचा. बाजूला ओढून आपल्या नाकाला टेकवायचा आणि सोडून द्यायचा. तो पलीकडे जातो, परत येतो, आणि आपण जागचे हललो नाही तर बरोबर नाकाशी येऊन मागे फिरतो.

“आणि लागला तर?” मी विचारलं.

“लागत नाही.”

“पण समजा लागला?”

“अहो, ज्या उंचीवरून निघाला त्याच्या वर तो जाणारच कसा? जास्तीची ऊर्जा आणणार कुठून?”

मी पाणीपुरवठा खात्यात नळांचे नकाशे काढतो. ज्या टाकीत पाणी नाही तिथूनही ते आणून दाखवावं लागतं, हा आमच्या खात्याचा रोजचा अनुभव. त्यामुळे माझं समाधान झालं नाही. पण घरात तालीम करून बघायचं ठरलं.

गोळा जवळच्या शाळेतल्या खेळाच्या शिक्षकांकडून मिळाला. मुलं मैदानात फेकतात तो. तो देताना त्यांनी मला आपादमस्तक न्याहाळलं आणि म्हणाले, “या वयात सुरुवात करताय? छान. कमरेला पट्टा बांधा.” मी खुलासा केला नाही. गोळा पिशवीत घालून घरी आणताना वाटेत भेटलेल्या प्रत्येकाने “काय आणलंत?” म्हणून विचारलं, आणि पिशवीचा बंद तुटल्यावर प्रत्येकाला उत्तर मिळालं.

टांगण्यासाठी दिवाणखान्यातला पंखा काढला. दिवस उकाड्याचे होते. आई पदराने वारा घेत आरामखुर्चीत बसली आणि म्हणाली, “तुमच्या त्या विज्ञानानंच पंखा दिला होता ना? मग आता तेच का काढून घेतंय?” आईचे प्रश्न नेहमी असेच असतात. त्यांना उत्तर नसतं आणि ती उत्तराची वाट बघत असते.

गोळा टांगला. मी भिंतीपासून जरा पुढे उभा राहिलो, गोळा नाकाला लावला. बायको म्हणाली, “सोडा.” मी सोडला. गोळा झुलत पलीकडे गेला. आता यापुढचा भाग मी नीट सांगतो, कारण त्याच्याविषयी पुष्कळ गैरसमज पसरले आहेत. गोळा पलीकडच्या टोकाला असताना, तो खरोखरच परत यायला निघाला आहे की नाही हे बघण्यासाठी मी किंचित पुढे वाकलो. याला वैज्ञानिक जिज्ञासा म्हणतात. गोळ्याने तिची कदर केली नाही.

डोळ्यांपुढे काजवे चमकले. आधारासाठी मी हाताला आलं ते धरलं. ती दोरी होती. दोरीने कडी धरली होती, कडीने छत धरलं होतं, आणि छताने कशालाच धरलेलं नव्हतं. गिलाव्याचा मोठा ढलपा, कडी, गोळा आणि मी असे सगळे खाली आलो. जमीन हादरली. मग खालून कुणाचं तरी ओरडणं, आणि जिन्यात पावलं.

दार उघडलं तर वकीलसाहेब. काळ्या कोटावर पांढरी पूड. त्यांच्या छताचा गिलावा त्यांच्यावर आणि समोर बसलेल्या अशिलावर पडला होता, आणि अशील तेवढ्यावरच पळून गेलं होतं.

त्यांनी आत नजर फिरवली. मी जमिनीवर, नाक धरून. बायको उभी, हातात दोरी. मध्ये गोळा.

“असं आहे तर,” वकील म्हणाले.

“तसं काही नाही,” मी नाकातून म्हणालो.

“काही बोलू नका. तुमचं प्रत्येक वाक्य पुढे अडचणीचं ठरेल. वहिनींनी तुम्हाला गोळा मारला, याचा मी साक्षीदार आहे.”

“तुम्ही पाहिलंत कुठे?”

“ऐकलं. आवाज थेट माझ्या डोक्यावर पडला.”

बायको मात्र भलत्याच आनंदात होती. “अहो, तुम्ही वाकलात ना, तिथे त्याच्याकडे अजून वेग शिल्लक होता! मागे सरळ उभे असता तर तो तिथपर्यंत येता येता थांबला असता. कळलं?” मला कळलं होतं. नाकाच्या मार्गाने आलेलं ज्ञान थेट मेंदूत जातं.

दुसऱ्या दिवशी इमारतीत सगळ्यांना माझ्याविषयी सहानुभूती होती. दूधवाला माझ्याशी हळू आवाजात बोलला. कचेरीत साहेबांनी मला बसायला सांगितलं आणि घरात सगळं ठीक आहे ना म्हणून विचारलं. मी ऊर्जेच्या अक्षय्यतेचा नियम समजावून सांगितला. ते म्हणाले, “हो, हो. रजा हवी असेल तर घ्या.”

कार्यक्रमाच्या दिवशी आम्ही केंद्रावर गेलो. जुन्या गोदामाला आतून काळा रंग देऊन त्याचा स्टुडिओ केला होता. वर लोखंडी नळ्यांची जाळी आणि तिला लटकलेले दिवे. एवढे, की खाली उभं राहिल्यावर आपण भाजले जात आहोत असं वाटे. कार्यक्रम थेट जाणार होता. तेव्हा सगळंच थेट जाई. चुकलं की चुकलं, ते शहरभर एकदमच चुके.

गोळा टांगायला सुरुवात करताच सुरक्षा अधिकारी आले. अंगावर गणवेश, डोक्यावर टोपी, आणि चेहरा असा की पुढच्या क्षणी आग लागणार हे त्यांना एकट्यालाच माहीत आहे.

“छताला दिव्यांशिवाय काही टांगता येत नाही,” ते म्हणाले. “नियम आहे.”

निर्मात्याने डोकं धरलं. मग हळूच म्हणाला, “साहेब, हा दिवाच आहे.”

“हा?”

“बंद आहे.”

अधिकाऱ्यांनी गोळ्याभोवती एक फेरी मारली. “दिवा असेल तर वायरमनने टांगला पाहिजे.”

वायरमन आला, शिडीवर चढला आणि वरून म्हणाला, “याला वायर कुठेय? बिनवायरीचा दिवा मी टांगत नसतो.” तेव्हा दोरीला वायर गुंडाळण्यात आली. ती कुठेच जोडलेली नव्हती, पण त्याने सगळ्यांचं समाधान झालं. एकट्या माझ्या बायकोचं झालं नाही. तिने शिडीवर चढून कडी स्वतः ओढून पाहिली, मग तिला लोंबकळून पाहिलं. निर्मात्याने डोळे मिटून घेतले. मी उघडे ठेवले. प्राध्यापिकेला लोंबकळताना बघायचा योग पुन्हा येईल असं वाटलं नाही.

“आता वक्त्या,” अधिकारी पुढे म्हणाले. “वक्त्यांचा चेहरा हलत्या दिव्याजवळ नेता येणार नाही. पाहुण्या वक्त्यांची जबाबदारी केंद्रावर आहे.”

“मग नाक कुणाचं लावायचं?” बायकोने विचारलं.

“कॅमेऱ्याची माणसं आमची आहेत, त्यांचं नाही. वायरमनचं नाही. वक्त्यांचं तर नाहीच.”

“आणि बाकी कुणाचं?” निर्मात्याने विचारलं.

अधिकाऱ्यांनी बराच विचार केला. “बाकीच्यांबद्दल नियमात काही नाही.”

सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं. मी तिथे पिशवी सांभाळायला आलो होतो. नियम करणाऱ्यांनी कॅमेरा, दिवे, वायर, टोपी सगळ्याचा विचार केला होता. फक्त बायकोबरोबर आलेल्या नवऱ्याला काही झालं तर कुणाचं काय बिघडतं, याचा विचार कुणाच्या मनातही आला नव्हता. मला रंगपटात नेलं. तिथल्या बाई माझं नाक बघून चुकचुकल्या. “पडद्यावर लाल रंग काळा दिसतो हो,” त्या म्हणाल्या, आणि त्यांनी त्यावर एवढी पावडर थापली, की मला माझं नाक समोर पांढऱ्या टेकडीसारखं दिसू लागलं.

मग कुणीतरी “शांतता!” म्हणून ओरडलं आणि कॅमेऱ्यावरचा छोटा दिवा लागला.

खरं सांगतो, तोपर्यंत मला भीती माझ्या नाकाची होती. दिवा लागल्यावर ती बायकोबद्दल वाटायला लागली. ती कॅमेऱ्यासमोर उभी राहिली आणि क्षणभर काहीच बोलली नाही. नियंत्रण कक्षाच्या काचेमागे निर्माता हातवारे करत होता. मला वाटलं, विसरली. सगळं संपलं. विभागप्रमुख कुठेतरी बसून किल्ली खिशात टाकत असतील.

आणि मग ती कॅमेऱ्याच्या गोल डोळ्याकडे असं बघून हसली, की त्यात पहिल्या बाकावर बसलेली एखादी मुलगी तिला दिसली असावी.

“हा गोळा,” ती म्हणाली. “याला डोळे नाहीत. याला दयामाया नाही. समोर कोण उभं आहे, हे याला कळत नाही. आणि हे माझे यजमान. यांना भौतिकशास्त्र येत नाही.”

हे थेट गेलं. शहरभर गेलं. माझ्या कचेरीतही गेलं.

“परवा घरी हे गोळा सोडून पुढे वाकले. काय झालं ते बघा.” आणि तिने रुमाल काढून सर्वांसमक्ष माझ्या नाकावरची पावडर पुसली. कॅमेरा सरकत सरकत जवळ आला. माझ्या घराण्यात आजवर कुणाच्याही नाकाला एवढी प्रसिद्धी मिळाली नव्हती.

“आज ते वाकणार नाहीत. डोकं मागच्या फळीला टेकलेलं राहील. आणि गोळा ढकलायचा नाही. नुसता सोडायचा. आता तो परत येईल तेव्हा यांच्या नाकाला लागेल की नाही? आपापल्या वर्गात हात वर करा. लागेल म्हणणारे? नाही लागणार म्हणणारे?”

ती थांबली. खरोखरच हात मोजत असल्यासारखी थांबली. टेलिव्हिजनवर असं कुणी थांबत नसे.

“सोडा,” ती म्हणाली.

मी सोडला. गोळा गेला. आणि मग तो परत यायला लागला, तो आधी लिंबाएवढा, मग नारळाएवढा, मग माझ्या नशिबाएवढा मोठा होत. पाय पळा म्हणत होते, मान बाजूला हो म्हणत होती. मी तिच्याकडे बघितलं. ती माझ्याकडे बघतच नव्हती. ती गोळ्याकडे बघत होती, आणि तिच्या चेहऱ्यावर काळजीची रेषासुद्धा नव्हती. मला त्या क्षणी तिचा भयंकर राग आला आणि तेवढाच भयंकर अभिमान वाटला. मी हललो नाही. गोळा माझ्या नाकाशी आला, एक थंड झुळूक लागली, तो जरासा थबकला आणि आल्या वाटेने निघून गेला.

 तेवढ्यात दिव्यांच्या मागून खणखणीत आवाज आला, “पुन्हा दाखवा!”

सुरक्षा अधिकारी होते. सरळ दिव्यांच्या उजेडात आले होते. “माझा विश्वास नाही बसला,” ते म्हणाले.

“विश्वास नकोच आहे,” बायको म्हणाली. “या, उभे राहा.”

नियमात सुरक्षा अधिकाऱ्यांबद्दल काय लिहिलं होतं देव जाणे. त्यांनी टोपी काढून माझ्या हातात दिली आणि फळीला डोकं टेकवलं. गोळा गेला, आला, फिरला. तो माणूस तोंडभर हसला. त्यानंतर शिस्त राहिली नाही. वायरमन पुढे आला. रंगपटातल्या बाई आल्या. मग कॅमेरावालाही कॅमेरा सोडून आला, त्यामुळे पुढचा बराच वेळ शहराला अधिकाऱ्यांचे बूट दिसत राहिले आणि फक्त माझ्या बायकोचा आवाज ऐकू येत राहिला: “ढकलू नका. नुसता सोडा.” बातम्या वाचणारे गृहस्थ आपली वेळ झाली म्हणून घाईघाईने आले होते, तेही हातातले कागद माझ्याकडे देऊन रांगेत उभे राहिले. शहराला त्या दिवशी बातम्या उशिरा मिळाल्या. काही बिघडलं नाही.

वरच्यांचं बिघडलं. दुसऱ्या दिवशी केंद्रप्रमुखांनी तिला बोलावून घेतलं. बातम्यांना उशीर, बुटांचं प्रक्षेपण, आणि दिवा म्हणून टांगलेला गोळा, असे तीन आरोप होते. तिने तिन्ही मान्य केले. केंद्रप्रमुखांनी खूप वेळ पेपरवेट फिरवला आणि म्हणाले, “शाळांचे फोन आलेत. मुलांना पुन्हा बघायचंय. पण बाई, मुलं बघतात ते करतात. एका जरी पालकाची तक्रार आली, एका जरी मुलाला लागलं, तरी मी हे बंद करीन.”

पुढे तो कार्यक्रम इतकी वर्षं चालला की त्यावर वाढलेली मुलं आता स्वतः शिकवायला लागली आहेत. पण त्या संध्याकाळी हे आम्हाला माहीत नव्हतं. बायको पुढच्या आठवड्यासाठी आरसे पुसत होती. आई पंखा कधी लागणार म्हणून विचारत होती. तेवढ्यात दार वाजलं.

दारात एक बाई होत्या, आणि त्यांचा हात धरून एक मुलगी. दोन वेण्या, शाळेचा गणवेश, आणि चेहऱ्याच्या मधोमध सुजून टम्म झालेलं नाक. मी ते नाक तात्काळ ओळखलं. माझ्या पोटात गोळा आला. हा लोखंडी नव्हता, पण वजन तेवढंच होतं.

“टेलिव्हिजनवरच्या बाई इथेच राहतात ना?” त्या बाईंनी विचारलं.

जिन्यात खालचं दार उघडल्याचा आवाज आला. वकिलांना अशा गोष्टींचा वास येतो. मी आवाज खाली आणून म्हणालो, “हे बघा, आपण आत बसून बोलू. औषधपाण्याचं मी बघतो—”

“औषधाचंच म्हणतेय मी,” त्या बाई वैतागून म्हणाल्या. “दुपारपासून सांगतेय, आधी डॉक्टरकडे चल. ऐकत नाही. म्हणते, आधी बाईंकडे.”

बायको आतून आली. तिने ते नाक पाहिलं आणि तिचा चेहरा उतरला. ती मुलीसमोर खाली बसली.

“कशाचा गोळा घेतलास?”

“वरवंटा,” मुलगी म्हणाली. “झोपाळ्याच्या कडीला बांधला.”

“पुढे वाकलीस?”

“नाही. डोकं खांबाला टेकलं होतं.”

“मग?”

“ढकलला.”

“अगं, पण मी सांगितलं होतं ना, ढकलायचा नाही म्हणून?”

“हो,” मुलगी म्हणाली. तिला रडू येत नव्हतं. उलट, एवढं मोठं माणूस एवढी साधी गोष्ट विचारतंय याचं तिला नवल वाटत होतं. “पण ढकलला तर काय होतं, ते तुम्ही दाखवलंच नाहीत. म्हणून मी बघितलं. आधी नुसता सोडून बघितला, तेव्हा नाही लागला. मग हळू ढकलला, तर थोडा लागला. मग जोरात ढकलला.” तिने नाकाला बोट लावलं. “तेच सांगायला आलेय.”

 केंद्रप्रमुख, किल्ली, विभागप्रमुख, भरतकाम, यांतलं काहीच बायकोच्या चेहऱ्यावर उरलं नव्हतं. तिने त्या मुलीचा हात धरून तिला आत नेलं, आरसे बाजूला सारले, आणि दोघी जमिनीवर बसल्या. “हळू म्हणजे किती? हाताने दाखव बघू,” असं मी ऐकलं. मग खडू आला. मग जमिनीवर रेघा उमटायला लागल्या. आई खुर्ची जवळ ओढून वाकून बघू लागली.

मी त्या बाईंना बसायला खुर्ची दिली. त्या अवघडून टोकावर बसल्या आणि बराच वेळ दोघींकडे बघत राहिल्या.

“दुखत नसेल का हो तिला?” त्यांनी हळूच विचारलं.

“दुखत असणारच,” मी अनुभवाने म्हणालो. “पण आत्ता तिला वेळ नाहीये.”